गुलाबबागेतली ती छाटणी

आजच्या समारंभाच्या अध्यक्षा आणि आपल्या सरपंच अमिषाताई, व्यासपीठावरचे सन्माननीय पाहुणे, पोलीस ठाण्यातून वेळात वेळ काढून आलेले साहेब, सत्कारमूर्ती काळूरामदादा, पहिल्या रांगेत बसलेल्या त्यांच्या पत्नी सोनूवहिनी, आणि खुर्च्या कमी पडल्या तरी कुरकुर न करता उभ्या राहिलेल्या माझ्या रिक्षावाल्या, खानावळवाल्या बंधू-भगिनींनो,

सूत्रसंचालन करणाऱ्या प्राप्तीने आत्ता सांगितलं, की रिक्षा संघटनेचे अध्यक्ष हरेश्वरकाका यांचं, म्हणजे माझं, बागेवर फार प्रेम. पोरगी गोड आहे, तिला माहीत नाही.

शंभर वर्षांपूर्वी मुंबईच्या एका शेठने खाऱ्या जमिनीत गुलाब लावायचं ठरवलं तेव्हा गाव पोट धरून हसलं होतं. त्याने होडीतून तांबडी माती आणली. पुढे शेठ गेला, त्याचा बंगला गेला, गुलाब राहिले. आज रेवसला बोटीतून उतरलेला पाहुणा आधी काय विचारतो? किल्ला? मासे? छे, गुलाबबागेला किती घेणार, हे विचारतो. आम्ही किती घेतो ते साहेबांसमोर सांगत नाही.

हे गुलाब चौतीस वर्षं जगवले काळूरामदादांनी. त्यांची एक रीत होती. अर्धी बाग दसऱ्याआधी छाटायची, उरलेली अर्धी पहिली फुलल्यावर. त्यामुळे बाग बोडकी अशी आम्ही कधी पाहिलीच नाही. तिथेच घात झाला.

वादळाचं वर्ष आठवतंय ना? खाऱ्या वाऱ्याने गुलाबाच्या फांद्या काळ्या पडल्या होत्या. वरून टाळेबंदी, रिक्षा आठ महिने उभ्या. दिवाळीच्या तोंडावर पाहुणे येणार म्हणून आम्ही वाट बघत बसलो, आणि दादांनी सगळी बाग एकदम वीतभर राखून छाटली. दीड महिना थांबा, असं ते भेटेल त्याला सांगत होते. ऐकतो कोण? नाक्यावर एकाने म्हटलं, जागा रिसॉर्टच्या पार्किंगला विकली, माळ्याने पैसे खाऊन बाग तोडली. तो एक कोण, ते सांगतो.

सकाळी दहाला आम्ही चाळीस जण फाटक मोडून आत घुसलो. रोपांच्या कुंड्या दादांच्या पाठीवर फुटल्या. कोणी गचांडी धरली, कोणी लाथा घातल्या. पुढचे दोन दात तिथेच मातीत पडले. आमच्यातले काही जण खुंट उपटायला लागले, तेव्हा हा माणूस रांगत विहिरीजवळच्या वाफ्यापर्यंत गेला. शेठच्या हातचे गुलाब तिथलेच. दादा त्यांच्यावर पालथे पडले. छातीत काटे रुतले, सदरा लाल झाला, तरी हलले नाहीत. मग एकाने फावडं उचललं आणि त्यांच्या उजव्या हातावर दांडा घातला. एकदा, दोनदा. हाड मोडल्याचा आवाज वाळकी फांदी मोडल्यासारखा येतो, हे मला त्या दिवशी कळलं.

दादांनी मान वर केली. ओरडले नाहीत. म्हणाले, "हरेश्वर, मना मार. झारांना नको, ती जित्ती हायेत."

त्यावर मी तिसरा घाव घातला.

हो, मीच. नाक्यावर बोललो तोही मीच.

अलिबागच्या इस्पितळात जबाब घेतला, तेव्हा दादांनी सांगितलं, तोंडावर टॉवेल टाकला होता, कोणी दिसलं नाही. केस तिथेच मिटली. वर्षअखेरीला बाग अशी फुलली, की वाहनांची रांग पार रस्त्यावर आली. मी दिवसाला आठ-आठ फेऱ्या मारल्या. पाहुण्यांना सांगायचो, बघा आमची बाग. दादा तेव्हा डाव्या हाताने कात्री धरायला शिकत होते. त्यांच्या उजव्या हाताची तीन बोटं आजही मिटत नाहीत.

मग आजच का बोलतोय? काल आमंत्रण द्यायला दादांच्या घरी गेलो होतो. सोनूवहिनींनी चहा दिला आणि म्हणाल्या, "भाऊ, तुमी सगल्यांना वलखता. कोन व्हता तो, एवरा सोधून द्या." मी कप खाली ठेवला. दारातून दादा म्हणाले, "चाय थंड होतंय, पिऊन घे." पाच वर्षं त्यांनी मला असंच सांभाळलं. मला स्वतःची इतकी लाज कधी वाटली नव्हती.

वहिनी, शोधून दिला. हा उभा आहे.

दादांना शाल घालायचा मान संघटनेने मला दिला होता. तो मी अमिषाताईंकडे देतो. माझा हात त्यांच्या अंगाला परत लागू नये. चांदीच्या मुलाम्याची कात्रीही आम्ही आणली आहे. ती त्यांच्या उजव्या हातात देऊ नका, धरता येणार नाही.

आपण सर्वांनी शांतपणे ऐकून घेतलंत, आभारी आहे. बोलण्यात काही चुकलं असेल तर पदरात घ्या, असं शेवटी म्हणायची रीत आहे. बोलण्यापुरतं घ्या. बाकीचं पदरात घ्यायचं की नाही, ते सोनूवहिनींनी ठरवावं.

साहेब, मी इथेच पहिल्या रांगेच्या टोकाला बसतो. जेवणं उरकू द्या, मग आपण निघू.