खांबापाशी बांधलेली झोळी

वसमतच्या स्टँडवर हिंगोलीच्या गाडीची वाट बघत होतो. शेजारच्या बाकड्यावर एक म्हातारी आणि तिची नात बसल्या होत्या.

"दमलीस का, आजे?"

"न्हाई गं करुणा. ती इमारत डोळ्यासमोरून जाईना. एवढी माणसं बसलेली, अन् कोणी आवाज करंना."

"विद्यापीठाचं ग्रंथालय हाय ते. मी रोज तिथंच संशोधनाला बसते."

"आमी तिच्या बांधकामावर माल वाहत होतो तवा गोदामच समजत होतो. स्लॅब झाला अन् आमी दुसऱ्या कामावर गेलो. आत काय ठेवलं, ते आज दिसलं."

"तू एकदम मोठ्यानं बोललीस. सगळी पोरं बघाय लागली."

"त्या खांबाला तुझ्या बापाची झोळी बांधत होते मी. खांब दिसला अन् तोंडातून निघून गेलं. तो साहेब उठून आला तवा वाटलं, आता बाहेर काढतो."

"ग्रंथपाल होते ते. त्यांनी तर तुला खुर्ची दिली."

"अन् म्हणले, आजी, पुढं सांगा. मंग सांगितलं सगळं. डोक्यावरची घमेली, परांची, उन्हानं तापलेल्या सळया. सगळ्यांनी पुस्तकं मिटली व्हती, बाई. माझं ऐकायला."

"उद्यापासून मी त्या खांबापाशीच बसणार."

"तिथं बसलेली ती पोरगी उठली तर ना. निघताना माझा हात धरून म्हणली, आजी, ही जागा आता मी सोडत न्हाई."