सरकारला चाची नोकर केव्हा वाटल्या?

आजच्या सभेच्या अध्यक्ष, सलोटी गावच्या प्रधान लीलाजी कटोच, मुख्याध्यापिका अंजनाजी, शिमल्यापर्यंत लढलेले वकील ओंकार गुलेरिया, कर्मचारी संघटनेतले माझे साथी, माता-भगिनींनो आणि मागे चुलीवर दह्यातल्या चण्यांचा मद्रा ढवळणाऱ्या आचारी मंडळींनो, तुम्हाला तर विशेष नमस्कार. तुमच्या मद्र्याच्या वासाच्या भरवशावरच ही सभा माझं ऐकते आहे.

आज ज्यांचा सत्कार आहे, त्या या आपल्या कौलां चाची. लग्न होऊन या गावात आल्या तेव्हापासून शाळेत पाणी भरतात. रोजंदारीवर! त्यांच्यामागून कामाला लागलेल्या बाया कायम झाल्या, चाची राहिल्या. का? तर म्हणे, गुन्हेगार!

गुन्हा काय? गावात लग्न निघालं, धामेला, म्हणजे लग्नाच्या गावजेवणाला, मोठे हंडे कमी पडले. आपल्याकडे हंडा ज्याच्या घरी असेल त्यानं द्यायचा, नेणाऱ्यानं घासून परत आणायचा. परवानगी कसली मागता? चाचींनी शाळेच्या खिचडीचे हंडे दिले. नुकतेच बदलून आलेले तेव्हाचे मुख्याध्यापक, परमुलखातले. ते तडक चौकीत! कलम लागलं, ‘सरकारी नोकरानं केलेला विश्वासघात’. मी धीर द्यायला गेलो, तर चाची म्हणतात, "भाईजी, पोलिसांनी तरी मला सरकारी नोकर म्हटलं!"

हसू नका, ऐका. तुरुंगात घालायचं तेव्हा सरकारी नोकर, आणि नोकरीत घ्यायचं तेव्हा कोण कुठली बाई? हा कुठला न्याय?

कोर्टात गुलेरियांनी हवालदाराला विचारलं, "हंडे कुठं सापडले?"

"लग्नघरी, चुलीवर."

"आत काय होतं?"

"मद्रा, साहेब."

"कसा होता?"

"मीठ जरा कमी होतं."

चाची सुटल्या. तरी कार्यालयातले साहेब म्हणतात, "सुटलात खऱ्या, पण संशयाचा फायदा मिळून. डाग राहिलाच." अहो, न्यायाधीशानं सोडलेल्या बाईला टेबलाआडून दुसऱ्यांदा शिक्षा देणारे तुम्ही कोण? हेच गुलेरियांनी शिमल्याच्या हायकोर्टात विचारलं. निकाल आला: सुटलेला माणूस सुटलेलाच. मागून लागलेल्या ज्या दिवशी कायम झाल्या, त्या दिवसापासून चाचीही कायम! निवृत्ती तोंडावर आली आहे. हा हुकूम नसता, तर म्हातारपणी चाचींना लेकाच्या तोंडाकडं बघावं लागलं असतं. आता पेन्शन मिळेल, स्वतःच्या नावावर.

प्रधानजींचे, गावाचे आभार. बोलण्याच्या भरात कुणा साहेबांच्या वर्मी लागलं असेल तर क्षमा असावी. लागलं नसेल, तर माझं बोलणं कमी पडलं, त्याचीही क्षमा.

आणि हे काय! चाची, कळशी घेऊन कुठं निघालात? काय म्हणता? प्रधानजींचा गिलास रिकामा आहे? असू दे रिकामा! आज रविवार आहे. रोजंदारीच्या माणसाचा रविवार फुकट जातो, कायम नोकराला त्याचा पगार असतो. बसा खाली. आज तुम्ही बसण्याचे पैसे सरकार देतं आहे!