तिला कुठलं द्यायचं

नाही, थांब, थांब — तो ट्रे घेऊन आत नको जाऊस अजून. ठेव इथे, खिडकीच्या कट्ट्यावर ठेव. काय भरलंयस त्यात? — झोपेचं. वाटलंच मला. कुणी सांगितलं भरायला? मी? — हो, सांगितलं असेल. मघाशी ती पलंगावरून उतरायला निघाली होती गं, तेव्हा माझ्या तोंडातून काय निघालं ते माझं मलाच ठाऊक नाही. पण आता मी म्हणतोय, नको. तिची छाती ऐकलीस ना तू? किती वर्षांचा दमा आहे तो. जिना चढली तरी ओठ निळे पडतात तिचे. त्यात तू हे टोचणार, ती झोपणार, श्वास मंदावणार — आणि मग आपण दोघं उशाशी उभे राहून छाती वर-खाली होतेय की नाही ते बघत बसणार. आणि झोपेल तरी का? काल संध्याकाळी हाडांच्या डॉक्टरांनी दिलंच होतं ना थोडं. काय झालं? जरा डुलकी लागली आणि मग उठली ती दुप्पट जोरानं. म्हाताऱ्या माणसांत असं उलटं होतं कधीकधी, तुला माहीत आहे. मीच शिकवलंय तुला.

हो, अगं हो, मलाही दिसतंय, काहीतरी करायलाच हवं. न्हाणीघरात पडली काय, खुबा मोडला काय, परवा हाड बसवलं काय — आणि आता ही त्या पायावर उभी राहायला बघतेय! एकदा जरी भार टाकला तरी सगळं केलेलं पाण्यात. सलाईन उपटून फेकलं. सिस्टरच्या मनगटाला चावली. चावली! माझी बायको! दारावर काही विकायला आलेल्या माणसालासुद्धा आधी पाणी विचारणारी बाई ती. आणि सारखं एकच — गॅसवर दूध ठेवलंय, मला घरी जाऊ द्या, दूध उतू जाईल. भिंतीवर माणसं दिसतात तिला. ती म्हणे हसतात तिला. लघवीत जंतू झालेत, ताप आहे, भुलीचा अंमल असेल थोडा — यानं असं होतं, मला कळतं, मला सगळं कळतं. नातेवाइकांना मी हेच सांगत आलो. वेड नाहीये हे, मेंदू तात्पुरता गोंधळलाय, ताप उतरला की माणूस जागेवर येतो. किती शांतपणे सांगायचो मी! आता वाटतं, ते लोक माझ्या तोंडाकडे बघत कसे राहिले असतील? उठून गेले कसे नाहीत?

बरं, मग हॅलोपेरिडॉल म्हणतेस. भास थांबतील, श्वासाला धक्का नाही. बरोबर आहे. परीक्षेत पैकीच्या पैकी दिले असते मी. पण हृदयाचा आलेख बघितलास तिचा? बघितलास, मग? प्रत्येक ठोक्यातली ती जागा लांबलीये ना आधीच? त्यात हे औषध ती आणखी लांबवणार. आणि ठोका चुकला म्हणजे? चुकला तर हाका मारून परत येतो का तो? — थोडं दे म्हणतेस. किती थोडं? पाव डोस? पावानं काय होणार, पावानं माशीसुद्धा शांत होणार नाही. — नाही, पावच दे. पावाच्या वर जाऊ नकोस. — नको, थांब. तिचा उजवा हात थरथरतो हल्ली, कप धरताना. तुला नसेल दिसलं. तो कसला कंप आहे आपल्याला माहीत नाही, आणि कंपवाताचा निघाला तर हेच औषध तिला लाकडासारखं करून ठेवेल. हलता येणार नाही, गिळता येणार नाही. मग मी काय करू? सांग ना. मी काय करू मग?

फळा आठवतो तुला? मधोमध रेघ ओढायचो मी. रेघेच्या अलीकडे झोपेची औषधं, पलीकडे भास घालवणारी. आणि म्हणायचो, मुलांनो, समोरचा माणूस ओरडतोय म्हणून सुई उचलू नका, का ओरडतोय ते आधी शोधा. तो बेकरीवाला आणला होता बघ, काचा फोडून आलेला, चौघांना आवरत नव्हता — तुम्ही सगळे म्हणालात, याला भास होतायत, भासाचं द्या. मी म्हटलं, त्याच्या बायकोला विचारा, दारू कधी सुटली? परवा. झालं! तिथं अलीकडचंच औषध, झोपेचंच, दुसरं दिलं असतं तर झटके आले असते. आणि ती कॉलेजातली पोरगी — पलीकडचं दिलं, गप्प झाली, सगळे खूश, आणि मग मान एका बाजूला वळली, डोळे वर चढले, जीभ आत जाईना. आई काय किंचाळली! मारलंत माझ्या पोरीला, म्हणाली. मी त्यावरच्या उताऱ्याचं औषध दिलं, बघता बघता मान सुटली. ती आई माझ्या पाया पडली. मी घरी येऊन हिला सांगितलं जेवताना, मोठ्या ऐटीत. ही म्हणाली, त्या मुलीला आधी सांगितलं होतं का कुणी, की असं होऊ शकतं? मी म्हटलं, तशा अवस्थेत कुणी सांगत बसतं का! हिनं माझ्या ताटात भात वाढला. अशी आहे ती.

तिसरं? ऑलान्झपिन? अगं, झोपेच्या औषधापाठोपाठ ते टोचत नाहीत, श्वास आणि रक्तदाब दोन्ही खाली येतात. कालचं अजून अंगात आहे तिच्या. — ठाऊक आहे तुला. ठाऊक आहे, माफ कर. मी तुझ्यावर आवाज चढवतोय. मघापासून सगळ्यांवरच चढवतोय. घसा बसलाय माझा.

काय विचारलंस? — कधी वाढतं? त्याला काय वेळकाळ आहे होय! कधीही वाढतं. सकाळी तशी बरी होती. सिस्टर केस विंचरत होती तिचे, तेव्हा गप्प बसून होती, वेणी घाला म्हणाली. मग मी आलो, विचारलं, ओळखलंस का मला? तर सुरू. — मग दुपारी मेहुणी आली, तिची धाकटी बहीण, आत बसलीय ना तीच. तिच्या हातून खाल्लं थोडं. गुणगुणतसुद्धा होती म्हणे. मग मी डब्बा — नाही, मी औषधाचं बघायला आत गेलो, तर पुन्हा तेच. हात-पाय झाडायला लागली. — आणि आत्ता? आत्ता मीच होतो ना आत. मीच धरले तिचे हात. मग कोण धरणार? वॉर्डबॉय दांडगाईनं धरतात, मनगटं काळीनिळी करतात, मी म्हटलं मी धरतो. घट्ट धरायलाच लागतं, अगं, पाय खाली टाकत होती ती! मी ओरडून सांगत होतो, हलू नकोस, हलू नकोस, पाय मोडेल — ओरडूनच सांगावं लागतं, ऐकू कुठं येतं तिला? कानातलं यंत्र काढलंय.

ऑपरेशनला काढलं. — कुठं आहे म्हणजे? असेल. कपाटात असेल, त्या कापडी पिशवीत. चष्मापण त्यातच. नाही घातला. तिला घाल म्हणणार कोण, तिची ही अवस्था —

...

अशी बघू नकोस माझ्याकडे. मला माहीत आहे काय म्हणायचंय तुला. मी शिकवलंय ते. सुईच्या आधी चष्मा, सुईच्या आधी कान. खिडकीचा पडदा उघडा, ओळखीचं माणूस जवळ बसवा, एकानंच बोला, हळू बोला. पहिल्याच तासाला शिकवायचो मी. आणि परवापासून मी तिच्यासमोर उभा आहे, आणि मला — मला एवढं सुचलं नाही गं. मी फक्त औषधं डोक्यात घोळवतोय. हे की ते, हे की ते. मला वाटलं, कुठलं द्यायचं ते बरोबर ठरवलं की ती परत येईल.

तुला सांगू, आत काय म्हणाली ती? नको होतं सांगायला. मी हात धरलेले, ती खेचतेय, आणि एकदम शांत झाली. मला वाटलं, ओळखलं. अगदी अदबीनं म्हणाली, डॉक्टरसाहेब, मला सोडा हो. माझे मिस्टर येतील आता मला न्यायला. मी म्हटलं, अगं, मीच तो! मीच आहे! ती म्हणाली, नाही, ते असे ओरडत नाहीत. — ते असा हात धरत नाहीत. — आणि मग दाराकडे बघत राहिली. माझ्या खांद्यावरून, दाराकडे. मी येतोय का बघत होती. आणि मी तिचे हात सोडले नाहीत. सोडले असते तर उतरली असती ना? सांग, उतरली असती की नाही?

हं. — हं. — म्हणजे मी आत जायचं नाही. सरळ सांग ना, घाबरतेस कशाला. मी असलो की वाढतं. हो. तुझ्याआधी मलाच कळायला हवं होतं, माझ्या तोंडानंच तर सांगितलं तुला मघाशी, सकाळी मी आलो, दुपारी मी आलो. जा. पिशवी मेहुणीला शोधायला सांग. यंत्र डाव्या कानाचं, उलटं बसवलं तर शिट्टी मारतं, मग ती चिडेल. ट्रे — ट्रे ने बरोबर, पण हे झोपेचं टाकून दे. लागलंच तर पलीकडचं, पाव, आणि मॉनिटर लावूनच. आणि लागलं नाही तर — जा, जा, पुन्हा पाय खाली टाकेल ती.

...

आलीस. किती वेळ गेला? — झाला का आवाज बंद? मला ऐकू येत नव्हतं म्हणून मी आणखीच घाबरलो. दिलंस? — पाव. नुसतं पाव. आणि ठोके? — जशाचे तसे. आलेख पुन्हा काढ तासाभरानं. हो, तू काढणारच आहेस. पाय? — पट्टी सुकी आहे, पाय सरळ आहे. बरं झालं. बरं झालं, बाई. सुईला विरोध नाही केला? — तू आधी दाखवलंस तिला? विचारलंस? आणि तिनं स्वतःच बाही वर केली. — हं.

नाही, मी रडत नाहीये. डोळ्यांत काहीतरी — बरं, रडतोय. काय फरक पडतो.

आता जागी आहे का? — डोळे मिटतायत. बहिणीचा हात धरलाय. काय म्हणते? — दूध उतरवलं का, विचारते. मेहुणी काय म्हणाली? — उतरवलं म्हणाली. बरोबर. वाद घालायचा नाही. मी काल दिवसभर तिला पटवून देत होतो की दूध नाहीच आहे.

काय? दारातून बघू? एकदाच? लांबून बघा सर, म्हणतेस — ती झोपतेय, कळणार नाही तिला. — नको. डोळे उघडले तर? माझं काही सांगता येत नाही, मी दारातून बघेन आणि मग दोन पावलं आत जाईन, मग उशी नीट करेन, मग म्हणेन, ओळखलंस का. माझा माझ्यावर भरवसा नाही आज. आणि तू मला आता विचारतही जाऊ नकोस, सर हे देऊ की ते देऊ. तूच ठरव. तिची डॉक्टर तू आहेस, मी तिचा नवरा आहे. नातेवाइकांनी बाहेर थांबायचं असतं. मीच हाकलायचो ना त्यांना — किती जणांना हाकललं, आणि एकालाही विचारलं नाही की बाहेर बसवतं का तुम्हाला.

जा तू. बोलावतायत बघ तुला पलीकडच्या वॉर्डातून. मी आहे इथे, या बाकावर. जा म्हटलं ना — आणि ते दार तेवढं लोटून घे.