बिजली चुकली नव्हती

आजच्या समारंभाचे अध्यक्ष, आपल्या बुद्धविहार समितीतले सर्वांत ज्येष्ठ आणि मला काकांच्या ठिकाणी असलेले आदरणीय लहानूजी, मंचावरच्या पाहुण्या रुचिताताई, आपल्या पाऱ्यातल्या, मोहल्ल्यातल्या आयाबहिणींनो आणि भावांनो, सगळ्यांना सविनय जयभीम.

माझ्या कुत्रीला निरोप द्यायला तुम्ही हॉल सजवला, हार आणला. आतापर्यंत चार जण बोलले. ‘बिजलीनं प्रशिकला सहा वर्षं वाट दाखवली, आता थकली बिचारी.’ कोणी सांगितलं थकली म्हणून?

मला दिसत नाही. बिजलीच्या पाठीवरच्या पट्ट्याचा दांडा धरून मी रोज चौकापर्यंत जायचो, नवा रायपुरची बस धरायचो, ऑफिसात टेलिफोन सांभाळायचो. तीन महिन्यांपूर्वी चौक ओलांडताना ती मध्येच वळली, स्कूटरनं मला उडवलं, पाय मोडला. मग बैठक झाली. कुत्री बहकली, तिला अभनपुरला शेतावर पाठवा, असं ठरलं. मीही मान हलवली. आज चार वाजता गाडी यायची, असंही ठरलं.

पण ती काहून वळली, हे एकानं तरी विचारलं का?

तिच्या पट्ट्यावर माझ्या बायकोनं, मोनालीनं, पाटी शिवली आहे. ‘मी कामावर आहे. हाक मारू नका, खायला देऊ नका.’ मराठीत आणि हिंदीतही. पण समोर आलेल्याला खाऊ घातल्याशिवाय आपल्या लोकांना चैन पडत नाही. मी हात जोडून सांगायचो. तुम्ही हसायचे, “एका बिस्कुटानं काय होते बे?”

काय होते, ते माझ्या पायातल्या सळईला विचारा.

त्या दिवशी रस्त्याच्या मधोमध मी हाक ऐकली. “बिजली, इकडं ये बेटा, बिस्कुट घे.” लहानूजी, तो आवाज तुमचा होता.

नीलेशभाऊ, माइक बंद करू नका. मला बोलू द्या.

काकांनीच मला उचललं, दवाखान्यात नेलं, दोन दिवस उशाशी बसले. ते मी विसरलो नाही, म्हणून तर गप्प होतो. पण तिथंच बसून तुम्ही येईल त्याला सांगत होते, “कुत्री बहकली.” मी झोपलो नव्हतो, काका. तुम्ही तीस वर्षं रेल्वेचं इंजिन चालवलं. चालत्या गाडीत ड्रायव्हरच्या डोळ्यांवर कोणी लाडानं हात ठेवला असता, तर दोष ड्रायव्हरला दिला असता का?

मागच्या आठवड्यात तिला शिकवणारे सर आले होते. त्यांनी तिला दोन दिवस भर गर्दीत फिरवलं. म्हणाले, “कुत्री ठणठणीत आहे. माणसांना आवरा.”

राग मला माझाही येतो. तिला बोलता येत नाही. मला येत होतं, तरी मी तिच्यावर आळ येऊ दिला.

तर बिजली कुठेही जाणार नाही. गाडीवाल्याला मी सकाळीच फोन करून नको म्हटलं. तुम्ही एवढी तयारी केली, त्याबद्दल मनापासून आभार. मोठ्यांसमोर आवाज चढला, त्याची क्षमा मागतो. जे बोललो, त्याची मागत नाही.

सोमवारी सकाळी आठला आम्ही दोघं तोच चौक ओलांडू. लहानूजी, तुम्ही त्या वेळी दूध घ्यायला तिथंच असता. आम्ही पलीकडे पोचेपर्यंत फक्त गप्प उभे राहा.

जयभीम.