दाढीआडचं तोंड

चित्रात प्राण फुंकणारा माणूस, असं माझ्याबद्दल इथल्या मराठी मंडळाच्या सत्कारपत्रिकेवर छापलं होतं, आणि अध्यक्ष निवृत्त कर्नल, त्यांनी ते इतक्या गंभीरपणे वाचलं की मलाही क्षणभर खरं वाटलं. आता प्राणाचं सांगतो. कार्टूनमधला माणूस नीट चालायला सेकंदाला बारा चित्रं लागतात, आणि आमच्या खात्याने मंजूर केली होती सहा. त्यामुळे माझ्या हातून जिवंत झालेली सगळी माणसं थोडी लंगडतात.

मी मूळचा मिरजेचा. वडील शाळांचे तक्ते रंगवायचे, बेडकाचा छेद, फुलाचा छेद, हृदयाचा छेद, घरात जे ते कापलेलं, त्यामुळे मला लहानपणापासून एखादी अख्खी वस्तू काढावी आणि ती हलावी असं वाटायचं. मग मुंबईत शिक्षण, तिथेच कार्टून काढायची नोकरी, आणि पुढे सरकारी फिल्म विभागातून चंडीगडला बदली. थोडे दिवसच काढायचे म्हणून आलो होतो, आता पंचकुलात घर आहे आणि मुलाला मराठीत विचारलं तर तो हिंदीत उत्तर देतो. दिग्दर्शक कसा झालो म्हणाल, तर पंजाबात अतिरेकी बसमधून माणसं उतरवून मारायला लागले तसे आमच्या दिग्दर्शकसाहेबांनी दिल्लीला बदली करून घेतली, आणि खुर्ची रिकामी दिसू नये म्हणून तिच्यावर मला बसवलं.

तेव्हा आम्ही सेक्टर बावीसला भाड्याने राहायचो. घरमालक हरनामसिंग, सगळे त्यांना दारजी म्हणायचे, रोडवेजचे निवृत्त ड्रायव्हर. खाली ते आणि त्यांची बायको, बीजी, वर आम्ही. कर्फ्यू लागला की बीजी जिन्यातूनच डाळीचं पातेलं वर द्यायच्या. काय सांगू तुम्हाला, त्या दिवसांत या शहरात एवढं एक ठिकाण होतं जिथे मला भीती वाटायची नाही.

बसमध्ये बॉम्ब सापडायला लागले तेव्हा हुकूम आला, ताबडतोब फिल्म करा, प्रवाशांनी बसायच्या आधी सीटखाली बघावं. आता कार्टून बोलायचं म्हणजे प्रत्येक उच्चाराला तोंडाचा वेगळा आकार काढावा लागतो, तेवढा वेळ कुठला, म्हणून मी दाढीवाला माणूस घेतला. दाढीत तोंड दिसतच नाही, दाढी जरा हलवली की बोलला. आणि दाढी तर घरातच होती. दारजी रोज दाढी विंचरून, आकाशी पगडी बांधून माझ्यासमोर बसायचे आणि म्हणायचे, ओय मरहट्ट्या, पोट थोडं कमी काढ. मी म्हणायचो, दारजी, पोट कमी केलं तर लोक ओळखणार नाहीत. मग राहू दे म्हणायचे. आवाजही त्यांचाच घेतला, ओ भाई, पहले सीट के नीचे देख, फिर बैठ. फिल्म टीव्हीवर लागली आणि सेक्टरमधली पोरं त्यांना बघून बाकाखाली वाकायला लागली. दारजी इतके खूश, बीजी म्हणाल्या, आता याला जेवायला वाढतानाही जी म्हणावं लागतंय.

पुढे परिस्थिती आणखी बिघडली आणि सचिवालयात बैठक झाली. मोठे साहेब म्हणाले, नवी फिल्म हवी, अतिरेक्यांविरुद्ध कडक आवाहन. मी म्हटलं, वेळ लागेल. ते म्हणाले, त्या सरदारजीचं तोंड दिसतं का? मी म्हटलं, नाही सर. मग नवी कशाला, आवाज बदला. मी म्हटलं, सर, हा खरा माणूस आहे, अख्खा सेक्टर त्याला ओळखतो, निदान मला चेहरा तरी बदलू द्या. साहेब हसले, म्हणाले, अहो, कार्टूनला कोण गोळी घालतं?

ती फिल्म मी दारजींच्या बैठकीत त्यांच्या शेजारी बसून बघितली. त्यात ते भारदस्त शुद्ध हिंदीत म्हणत होते, अपने भटके हुए बेटों को पुलिस के हवाले कीजिए. मी त्यांना सगळं आधीच सांगितलं होतं, चार दिवस तुमच्या मुलीकडे जा असंही म्हटलं होतं. ते ऐकत राहिले आणि म्हणाले, बीजी, बघ, मी किती शिकलो. मग टीव्ही बंद केला. दुसऱ्याच आठवड्यात दोन पोरं स्कूटरवरून आली, दारातच विचारलं, टीव्हीवर बोलतो तो तूच का. दारजी म्हणाले, पुत्तर, आवाज ऐक, तो माझा आहे का. एक पोरगा म्हणाला, चेहरा तर तुझाच आहे. आणि दोघं निघून गेली. दारजींना वाटलं, पटलं त्यांना. मलाही तसंच वाटावं असं मी ठरवलं. तिसऱ्या दिवशी सकाळी दुधाच्या बूथवर दारजींना गोळ्या घातल्या, हातात दुधाची डोलची होती.

त्या संध्याकाळी बातम्यांच्या आधी दारजी टीव्हीवर आले, कारण वेळ आधीच ठरलेली होती.

बीजींनी मला एका शब्दाने दोष दिला नाही. एवढंच म्हणाल्या, पुत्तर, त्यांचा आवाज तुमच्याकडे आहे ना, तो मला ऐकव. मी ऑफिसात जाऊन कपाटं उघडली, ध्वनिमुद्रणवाल्याला धरलं. तो म्हणाला, साहेब, नवी टेप मिळत नव्हती, नवा आवाज त्याच टेपवर भरला. जुना पुसला गेला. हे बीजींना जाऊन सांगितलं, तर त्यांनी मला चहा दिला. त्यानंतर मी कुणाचं तोंड पाहून चित्र काढलं नाही, निवृत्त होईपर्यंत झाडं आणि थेंब काढले.

अजून महिन्यातून एकदा त्यांच्याकडे जातो. आता खूप थकल्यात, पण डोक्यावर हात ठेवून जीउंदा रह, जिवंत राहा म्हणतात, आणि मी राहतो. ती फिल्म टीव्हीवर अजून लागते. लागली की बीजी आवाज बंद करतात आणि दाढी हलताना बघत बसतात.

हल्ली त्यात दारजी पाणी वाचवायला सांगतात. आवाज तिसऱ्याच कुणाचा तरी आहे.