आमी समजलो कामगार

मी मूळचा गुहागरकडचा, जयवंत माझं नाव, काम पायपाचं. आता सौदीत जुबेलला सुपरवायझर हाय, बायकापोरं हितंच, पन पयली वर्षं गेली ती रास अल खैरच्या कॅम्पात, एका खोलीत आठजन, आनि काय सांगू तुमाला, तेवढी मजा मंग कधी आली नाय.

तितं एक म्हातारा जर्मन साहेब व्हता, जुन्या पिक्चरचा भारी नाद. जुम्म्याला मेसमदी चादर लावून त्येच्या देशातले अगदी सुरुवातीचे बोलपट दाखवायचा, काळेपांढरे. प्रोजेक्टर आमच्या खोलीतला केरळचा शाजी लावायचा. बोलनं सगळं जर्मन, एक अक्षर कळंल तर शपथ. त्यातला एक आमचा लाडका. टोप्या घातलेली मानसं एका खोलीत ऱ्हातात, एका भांड्यातलं सूप खातात, एकजन लपलेला असतो, तर पोलीस येऊन सगळ्यांना ओळीनं इचारतो नि एकबी मानूस तोंड उघडत नाय. आमाला वाटलं आपल्यासारखेच कामगार, घर सोडून आलेले, नि पोलीस म्हंजे कफीलचा, आमच्या व्हिसावाल्या अरब मालकाचा, मानूस. टाळ्या काय, शिट्ट्या काय!

आनि तसंच झालं बघा. शाजीचं त्येच्या कफीलशी वाकडं आलं, त्यानं हुरूब लावला, म्हंजे पळाला म्हनून सरकारात नोंद. सापडला का जेल. घरी पोरगी झालेली, तिचं तोंड बघितलं नव्हतं अजून. आमी त्याला खोलीतच लपवला, पळालेल्यांना जेलबिगर घरी सोडायची सरकारची माफी जाहीर होईस्तवर. कफीलचा मानूस आला, ओळीनं इचारलं, शाजी कुटं, सांगा, नायतर इकामा, हितला ऱ्हायचा परवाना, जाईल एकेकाचा. आमचं सगळ्यांचं एकच, ठाऊक नाय म्हंजे नाय. सुटला बिचारा, घरी गेला.

परवा माझ्या लेकीनं तो पिक्चर मोबाइलवर शोधून काढला, खाली इंग्रजी अक्षरं. बघून म्हनते, पप्पा, दे आर ऑल थीव्हज! मी गारच पडलो. लगेच शाजीला फोन लावला, म्हटलं अरे वो सब चोर थे रे. तो हसायलाच लागला. म्हनाला, भाई, साबने मेरे को पहले दिन बताया था. तुम लोगों को बोलता, तो मेरे को रखते क्या?

रखते रे, म्हटलं मी, पटकन. नि फोन ठेवला. पोरगी दहावीला हाय म्हनं त्येची. सुखात असू दे. आमी काय केलं असतं, ते देवालाच ठाऊक.