हमीदाचाचींच्या भिंतीवरचा डबा

जव्हारला मी केबलच्या वायरी ओढायचो, तेव्हाची गोष्ट सांगतो. ऐन मॅचच्या वेळी एका गल्लीतले सगळे टीव्ही बंद पडले. वायर बघत बघत मी हमीदाचाचींच्या घराशी पोचलो, मागोमाग दहा-बारा जण. चाची एकट्या राहायच्या. त्यांच्या भिंतीवरच्या डब्यातून, म्हणजे अ‍ॅम्प्लिफायरमधून, गल्लीभर चित्र जायचं, आणि त्याला वीज चाचींच्या घरातली.

चाची गोधडी पांघरून बसल्या होत्या.

"चाची, बटण कुणी बंद केलं?"

"मीच. तीन रोज तापानं पडलेय, कुणी डोकावलं नाही. आता बघ किती जण आले!"

शेजारचा शिंपी डॉक्टरला आणायला पळाला, त्याच्या बायकोनं गरम पेज आणली.

पेज संपवून चाचींनी स्वतःच उठून बटण चालू केलं.